तुम्ही नेमके कोणाच्या बाजूचे? (कोस्टा-गाव्रास नावाच्या माणसाची गोष्ट)

पोस्ट मोठी आहे. चहा घेऊन निवांत वाचा, नाहीतर सेव्ह करून ठेवा.

गेल्या महिन्यात दोन बातम्या केल्या. पहिली सत्तेतल्या मंडळींच्या एका टेंडरची. सकाळी सकाळी फोन आला, "काय राव, विरोधकांनी पाकीट पोचवलं वाटतं!" आठ दिवसांनी दुसरी बातमी केली, विरोधकांच्या ताब्यातल्या एका संस्थेत कामगारांचे पगार थकल्याची. लगेच दुसऱ्या बाजूचा फोन. "शेवटी विकलाच गेलास ना." मग गावातल्या ग्रुपवर एका पोराने सरळच विचारलं, "दादा, एकदाचं सांगून टाका, तुम्ही नेमके कोणाच्या बाजूचे?"

मी त्याला तिथे उत्तर दिलं नाही. ग्रुपवर दिलेलं उत्तर कोणी वाचत नाही, स्क्रीनशॉट तेवढा काढतात. पण प्रश्न डोक्यात राहिला, आणि त्याबरोबर एक म्हातारा माणूस आठवला, ज्याला हाच प्रश्न पन्नास-पंचावन्न वर्षं विचारला गेला. नाव कोस्टा-गाव्रास. जन्माने ग्रीक, कामाने फ्रेंच चित्रपट दिग्दर्शक. सत्तेची टिंगल कशी करायची आणि ती करताना खरं कसं बोलायचं, हे मी कोणत्याही संपादकाआधी त्याच्याकडून शिकलो.

पत्रकारितेचा डिप्लोमा करत होतो तेव्हाची गोष्ट. आमच्या सरांनी एका शनिवारी वर्गाच्या खिडक्यांना चादरी लावल्या, कुठूनतरी प्रोजेक्टर आणला आणि 'झेड' नावाचा सिनेमा लावला. फ्रेंच भाषा, खाली इंग्रजी अक्षरं पळतायत. निम्मा वर्ग पहिल्या दहा मिनिटांत झोपला. कारण सिनेमा सुरू होतो तोच मुळी एका सरकारी कंटाळवाण्या भाषणाने. द्राक्षवेलींवर पडणारी बुरशी आणि त्यावरची फवारणी! समोर वर्दीतले अधिकारी बसलेत, पेंगतायत. मग एक जनरल उठतो आणि म्हणतो की समाजावर पण अशीच विचारांची बुरशी पडते, त्यावरही वेळेत फवारणी करायला हवी. शाळा-कॉलेजातल्या पोरांपासून सुरुवात करायची.

मी द्राक्षवाल्या भागातला माणूस. डाउनी म्हणजे काय, एका रात्रीत बाग कशी जाते, हे मी लहानपणापासून बघितलंय. त्यामुळे आधी हसलो. आणि मग हसू गिळलं, कारण तो जनरल विनोद करत नव्हता. त्याला खरंच तसं वाटत होतं. सरांनी नंतर एवढंच सांगितलं, "यातलं बरंचसं खरं आहे. जाऊन शोधा."

तर जे शोधलं ते सांगतो.

ग्रिगोरिस लाम्ब्राकिस नावाचे एक डॉक्टर होते. अथेन्समध्ये स्त्रीरोगतज्ज्ञ, विद्यापीठात शिकवायचे. तरुणपणी जबरदस्त खेळाडू. लांब उडीतला त्यांचा राष्ट्रीय विक्रम २३ वर्षं कोणी मोडला नाही. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये ग्रीसकडून उतरले होते. पुढे १९६१ मध्ये खासदार झाले. डाव्यांच्या पाठिंब्यावर निवडून आले, पण स्वतः कम्युनिस्ट नव्हते. त्यांचा विषय एकच, युद्ध नको, अण्वस्त्रं नकोत.

एप्रिल १९६३ मध्ये मॅरेथॉन ते अथेन्स असा शांतता मोर्चा ठरला. सरकारने बंदी घातली, शेकडो लोकांना रस्त्यातच उचललं. लाम्ब्राकिस खासदार, त्यांना तसं अटक करता येईना. मग हा माणूस हातात फलक धरून एकटाच चालत निघाला. महिनाभराने, २२ मे १९६३ ला, थेसालोनिकी शहरात त्यांची सभा होती. सभेच्या जागेवरून आधी कटकटी, बाहेर गुंडांची घोषणाबाजी, दगडफेक. आणि आसपास भरपूर पोलीस. सभा संपवून ते बाहेर पडले तेव्हा एक तीनचाकी मालगाडी, आपल्याकडे टेम्पो म्हणतो तशी, गर्दी चिरत आली. मागे उभ्या असलेल्या माणसाने त्यांच्या डोक्यात दांडकं हाणलं. पोलीस बघत होते. पाच दिवसांनी, २७ मे ला, लाम्ब्राकिस गेले.

पोलिसांनी पहिल्या दिवशी सांगितलं, अपघात झाला. ड्रायव्हर दारू प्यायला होता. विषय संपला.

विषय संपला नाही, याचं कारण तीन-चार साधी माणसं. एक माणूस त्या पळणाऱ्या टेम्पोवर उडी मारून चढला आणि मागे उभ्या असलेल्या हल्लेखोराशी भिडला. तो भिडला नसता तर टेम्पो गल्लीबोळांत गायब झाला असता. काही पत्रकारांनी साक्षीदार शोधून काढले आणि पोलीस व गुंड टोळ्यांचे संबंध खणले. शवविच्छेदनात डोक्यावर फटका बसल्याचं दिसलं. आणि चौकशी आली ख्रिस्तोस सार्त्झेताकिस नावाच्या ३४ वर्षांच्या न्यायाधीशाकडे. हा कोणी क्रांतिकारक नव्हता. राजकारणाशी घेणंदेणं नसलेला, नियमावर बोट ठेवून चालणारा माणूस. त्याला एवढंच ठाऊक होतं की समोर फाइल आलीय, तर ती पूर्ण करायची. वरून दबाव आला, तरी त्याने फाइल पूर्ण केली. गुंडांबरोबर पोलीस दलातल्या बड्या अधिकाऱ्यांवरही आरोप ठेवले.

१९६६ मध्ये खटला चालला. टेम्पोवाल्या दोघांना शिक्षा झाली, वरचे अधिकारी सुटले. चार-सहा महिन्यांत, २१ एप्रिल १९६७ ला, लष्कराने सत्ताच ताब्यात घेतली. पुढची सात वर्षं ग्रीसमध्ये हुकूमशाही होती. सार्त्झेताकिसला नोकरीवरून काढलं, मग अटक करून सुमारे वर्षभर तुरुंगात ठेवलं.

लाम्ब्राकिस गेल्यावर ग्रीसभर भिंतींवर एक अक्षर रंगवलं जायचं. आपण त्याला झेड म्हणतो. ग्रीक भाषेत 'झी' म्हणजे 'तो जिवंत आहे'. वासिलिस वासिलिकोस या लेखकाने १९६६ मध्ये या खुनावर कादंबरी लिहिली, तिचं नावही तेच. आणि त्या कादंबरीवर सिनेमा केला कोस्टा-गाव्रासने.

आता हा गाव्रास कोण?

१९३३ चा जन्म, ग्रीसमधल्या आर्केडिया भागातल्या एका खेड्यात. वडील दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्धच्या डाव्या प्रतिकार चळवळीत होते. युद्ध संपलं, जर्मन गेले, यादवी सुरू झाली आणि जर्मनांशी लढलेलाच माणूस संशयित ठरला. कम्युनिस्ट म्हणून शिक्का बसला, तुरुंग झाला. बापावरचा शिक्का पोरालाही लागला. ग्रीसमध्ये विद्यापीठाचा दरवाजा बंद. अमेरिकेला जायचं म्हटलं तर व्हिसा नाही. मग पोरगा १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला पॅरिसला गेला, आधी साहित्य शिकला, मग सिनेमाच्या शाळेत शिरला. मोठ्या दिग्दर्शकांच्या हाताखाली सहायक म्हणून राबला. १९६५ मध्ये पहिला सिनेमा केला, रेल्वेच्या डब्यातल्या खुनाचा. साधा रहस्यपट.

हे लक्षात ठेवा, कारण हाच त्याचा पाया. त्याला राजकारणाआधी रहस्यपट येत होता. प्रेक्षकाला खुर्चीत कसं धरून ठेवायचं हे येत होतं.

'झेड' करायला निर्माते तयार नव्हते. शेवटी सिनेमात पत्रकाराचं काम करणारा जाक पेराँ हा तरुण नटच निर्माता झाला. नुकत्याच स्वतंत्र झालेल्या अल्जीरियाने मदत केली, शूटिंग अल्जीयर्समध्ये झालं. दिग्दर्शक ग्रीक, पटकथाकार होर्खे सेम्प्रून स्पॅनिश, भाषा फ्रेंच, रस्ते आफ्रिकेतले. संगीत मिकिस थिओडोराकिसचं, जो त्या वेळी ग्रीसमध्ये लष्कराच्या नजरकैदेत होता. १९६९ मध्ये सिनेमा आला. कान महोत्सवात ज्युरी पुरस्कार, न्यायाधीशाचं काम करणाऱ्या झां-लुई त्रँतिन्यांला उत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार. पुढच्या वर्षी ऑस्करमध्ये परभाषेतला उत्कृष्ट चित्रपट, आणि ते ऑस्कर गेलं अल्जीरियाच्या नावावर! ग्रीसमध्ये मात्र लष्करी राजवट जाईपर्यंत बंदी.

साधारणपणे सिनेमाच्या सुरुवातीला पाटी येते ना, "यातील पात्रांचे वास्तवाशी साम्य आढळल्यास तो निव्वळ योगायोग समजावा"? 'झेड' मध्ये बरोबर उलटी पाटी आहे. साम्य आढळलं तर तो योगायोग नाही, मुद्दाम केलंय, आणि खाली दिग्दर्शक आणि पटकथाकाराची सही.

लोक 'झेड'ला थरारपट म्हणतात. मला तो त्याहून जास्त उपहासपट वाटतो. कसा ते सांगतो.

सिनेमातला न्यायाधीश एकेकाला बोलावतो. प्रत्येकाला पहिला प्रश्न तोच: आडनाव, नाव, व्यवसाय. सुताराला तेच. गुंडाला तेच. मग छातीवर पदकं लटकवलेले जनरल येतात. त्यांनाही मान वर न करता तेच: आडनाव, नाव, व्यवसाय. आणि टाइपरायटर खडखडत राहतो. जनरलसाहेबांचा चेहरा बघण्यासारखा होतो. आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी त्यांना व्यवसाय विचारलेला असतो.

आरोप ऐकून एकेक अधिकारी रागाने बाहेर पडायला जातो आणि प्रत्येक जण चुकीच्या, कुलूप लावलेल्या दाराला धडकतो. एकदा, दोनदा, तीनदा. थिएटरात लोक हसून लोळायचे म्हणतात. बाहेर एक पत्रकार जनरलला विचारतो की तुमच्यावर ड्रेफसासारखा अन्याय झालाय का. आता ड्रेफस म्हणजे फ्रान्समधला तो ज्यू कॅप्टन, ज्याला खोट्या पुराव्यावर देशद्रोही ठरवलं आणि कितीतरी वर्षांनी निर्दोष सोडावं लागलं. जनरल भडकून ओरडतो, ड्रेफस दोषीच होता! स्वतःच्या बचावाची आयती संधी आली होती, पण द्वेष इतका मुरलेला की ती सुद्धा घेता येईना. एका वाक्यात माणूस उघडा पडला. लेखकाला त्यावर टिप्पणी करायची गरजच राहिली नाही.

आणि शेवट. आपल्याला वाटतं, सत्य जिंकलं. मग तो पत्रकार पडद्यावर येऊन बातमी वाचल्यासारखं सांगतो, साक्षीदार एकामागोमाग एक विचित्र अपघातांत मेले, न्यायाधीशाला हटवलं. लगेच दुसरी निवेदिका सांगते, या पत्रकारालाही तुरुंगात टाकलं. आणि मग लष्कराने बंदी घातलेल्या गोष्टींची यादी सुरू होते. लांब केस, मिनी स्कर्ट, टॉलस्टॉय, सोफोक्लीस, संप, बीटल्स, नवं गणित, वृत्तपत्र स्वातंत्र्य... यादी संपतच नाही. सगळ्यात शेवटी, झेड हे अक्षर.

ग्रीसचं राज्य आणि सोफोक्लीसवर बंदी! आपल्याकडे कोणी संतांच्या गाथेवर बंदी घालावी तसं. हसू येतं आणि त्याच क्षणी पोटात खड्डा पडतो. गाव्रासची टिंगल अशी असते. तो सत्तेला विदूषकाचे कपडे घालत नाही. सत्ता जे बोलली ते नीट लिहून घेतो आणि मोठ्याने वाचून दाखवतो. बस.

आता खरा मुद्दा.

'झेड' नंतर गाव्रास जगभरच्या डाव्यांचा हिरो झाला. हुकूमशहांची अब्रू घालवणारा आपला माणूस. त्याने तेच करत राहायला काय हरकत होती? टाळ्या तयार होत्या. पण पुढच्याच वर्षी, १९७० मध्ये, त्याने 'ला व्यू' म्हणजे 'कबुलीजबाब' हा सिनेमा केला. विषय, कम्युनिस्ट चेकोस्लोव्हाकियातला १९५२ चा खटला. पक्षातल्याच १४ मोठ्या लोकांना छळ करून, झोपू न देता, पाठ करून घेतलेले कबुलीजबाब वदवले गेले. ११ जणांना फाशी, तिघांना जन्मठेप. त्या तिघांपैकी एक आर्थर लंडन, त्याच्या पुस्तकावर हा सिनेमा. नायक पुन्हा इव्ह मोंतां, जो 'झेड' मध्ये लाम्ब्राकिस झाला होता. पटकथा पुन्हा सेम्प्रूनची.

हे तिघंही डाव्या घरातले. गाव्रासचा बाप कम्युनिस्ट ठरवून तुरुंगात गेलेला. मोंतां वर्षानुवर्षं पक्षाचा दोस्त. सेम्प्रून नाझी छळछावणीतून वाचलेला, स्पॅनिश कम्युनिस्ट पक्षाचं गुप्त काम केलेला आणि १९६४ मध्ये त्याच पक्षाने हाकललेला. त्यांनी आपल्याच घरातला कचरा अंगणात आणून टाकला. कालपर्यंत खांद्यावर घेणाऱ्यांपैकी कितीतरी जण तोंड फिरवून बसले. शत्रूच्या हातात कोलीत दिलंस, हाच आरोप. आपल्याकडे पण हाच असतो ना? "बरोबर असेल हो, पण ही वेळ आहे का?"

आणि मग पुढे तो थांबलाच नाही.

१९७२ मध्ये 'वेढा', म्हणजे 'स्टेट ऑफ सीज'. उरुग्वेच्या पोलिसांना तालीम द्यायला आलेला एक अमेरिकन माणूस आणि त्याला पळवणारे बंडखोर. वॉशिंग्टनच्या केनेडी सेंटरमध्ये दाखवायचं ठरलं होतं, ऐनवेळी रद्द केलं. १९७५ मध्ये 'स्पेशल सेक्शन'. इथे पाळी फ्रान्सची, म्हणजे ज्या देशाने त्याला आसरा दिला त्याचीच. १९४१ मध्ये जर्मनांना खूश करायला फ्रेंच सरकारने एक कायदा केला आणि तो मागच्या तारखेपासून लागू केला. आधीच किरकोळ गुन्ह्यांत आत असलेल्या लोकांना नव्याने उभं करून मृत्युदंड. कोणी केलं हे? सुशिक्षित, कायदा शिकलेल्या फ्रेंच न्यायाधीशांनी. 'झेड' मधल्या न्यायाधीशाने फाइल पूर्ण करून माणुसकी वाचवली होती. इथले न्यायाधीश फाइल पूर्ण करूनच माणसं मारतात. मला वाटतं त्याने हा सिनेमा मुद्दाम 'झेड' चं उत्तर म्हणून केला असावा. "नियमाने वागणारा माणूस" म्हटलं की आपण निर्धास्त होतो, तसं होऊ नका. नियम कोणाचा, हे पण बघा.

१९८२ मध्ये हॉलिवूडमध्ये जाऊन 'मिसिंग' केला. चिलीतल्या लष्करी उठावात गायब झालेला अमेरिकन तरुण आणि त्याला शोधणारा बाप. बाप साधा, देवभोळा, आपल्या सरकारवर विश्वास असलेला. ऑफिसा-ऑफिसांतून फिरतो, प्रत्येक जण गोड बोलतो, कोणी काही सांगत नाही. कानमध्ये सर्वोच्च पुरस्कार मिळाला, पटकथेला ऑस्कर मिळालं. आणि चिलीतल्या माजी अमेरिकन राजदूताने बदनामीचा दावाही ठोकला. तो दावा टिकला नाही. २००२ मध्ये 'आमेन'. ज्यूंचं हत्याकांड चालू असताना पोप आणि चर्च गप्प का राहिले? पोस्टरवरच इतका गदारोळ झाला की प्रकरण कोर्टात गेलं.

आता मोजा. ग्रीक उजवे, चेक कम्युनिस्ट, अमेरिकन सरकार, फ्रेंच न्यायसंस्था, कॅथलिक चर्च. कोणाचीही बाजू म्हणून त्याला खिशात घालता आलं नाही.

सगळ्यांना तो आवडला असंही नाही. त्या काळातले फ्रान्समधले काही कडवे डावे समीक्षक म्हणायचे, याने राजकारणाचा मसाला सिनेमा केला. प्रेक्षक रडतो, हसतो, घरी जातो, बदलत काहीच नाही. हा आक्षेप मी उडवून लावणार नाही. बातमी व्हायरल झाली म्हणजे काम झालं, असं मलाही वाटायचं. आता वाटत नाही.

आणि इथे मला माझी एक गोष्ट सांगायचीय. बऱ्याच वर्षांत कोणाला सांगितली नव्हती.

गाव्रासने पुढे उघड उपहासाचे सिनेमे केले. १९९३ चा 'छोटा प्रलय', फ्रेंच नाव 'ला पतीत आपोकालिप्स'. त्यात एकेकाळचे क्रांतिकारी तरुण आता पॅरिसमध्ये सुखवस्तू झालेत. एक पोलिश लेखक त्यांच्या ओळखीचा. तो चुकून पडतो, यांना वाटतं जीव द्यायला निघालाय. मग हे ठरवतात, मरायचंच आहे तर जरा गाजावाजा करून मर, रोममध्ये सगळ्या कॅमेऱ्यांसमोर. पुस्तकं खपतील! गाव्रासने स्वतःच्या पिढीची, स्वतःच्याच कंपूची केलेली ही टिंगल. आणि १९९७ चा 'मॅड सिटी'. नोकरी गेलेला एक संग्रहालयाचा पहारेकरी बंदूक घेऊन मॅडमशी बोलायला जातो आणि गडबडीत आतल्या शाळकरी मुलांना ओलीस धरून बसतो. नेमका आत एक टीव्ही पत्रकार असतो. तो या बावळट, घाबरलेल्या माणसाची 'स्टोरी' करतो. कधी बोलायचं, काय बोलायचं, त्याला शिकवतो. शेवटी तो माणूस मरतो, आणि पत्रकाराला कळतं की त्याला आपण मारलं.

हा सिनेमा मी पाहिला त्याच्या काही महिने आधी आमच्या भागात एक कंत्राटी कामगार पाण्याच्या टाकीवर चढला होता. थकलेल्या पगारासाठी. आम्ही सहा-सात पत्रकार खाली. एका चॅनेलला लाइव्ह द्यायचं होतं. तो मधोमध बसलेला, खालून दिसत नव्हता. मी ओरडलो, "भाऊ, जरा कडेला या, फ्रेममध्ये येत नाही!" तो आला. कठड्याला धरून उभा राहिला. वारा होता. त्याचा सदरा फडफडत होता, एवढं अजून आठवतं.

तो सुखरूप उतरला. बातमी चालली, मला शाबासकी मिळाली. त्याचा पगार पुढे मिळाला की नाही, हे मी विचारायला गेलो नाही. 'मॅड सिटी' बघून रात्री झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी त्याच्या घरी गेलो. पगार मिळाला नव्हता. तो म्हणाला, "साहेब, तुमच्यामुळं निदान टीव्हीवर तरी आलो." मला चहा पाजला. तो चहा घशाखाली उतरवणं फार जड गेलं.

तेव्हापासून मी गाव्रासला वेगळ्या नजरेने बघतो. सत्तेवर हसणं सोपं आहे. ती दूर असते, लठ्ठ असते, दिसायला विनोदी असते. आपल्या बाजूवर हसणं अवघड. आणि आपल्या धंद्यावर, आपल्या स्वतःवर नजर फिरवणं सगळ्यात अवघड. त्याने तिन्ही केलं.

सत्तरी ओलांडल्यावर तर त्याची धार वाढलीच. २००५ मधल्या 'कुऱ्हाड' मध्ये एका कागद कंपनीतला साहेब नोकरीवरून निघतो. पुन्हा नोकरी मिळवायची तर स्पर्धा कमी करायला हवी, म्हणून आपल्याच लायकीच्या बेकार उमेदवारांना तो एकेक करून ठार मारत सुटतो. शांतपणे, हिशेबाने, घरी जेवायच्या वेळेला परत येत. मालकाला काही होत नाही, बेकारच बेकाराला मारतो. २०१२ मध्ये 'कॅपिटल', बँकेतल्या बड्या साहेबाची गोष्ट. शेवटी तो संचालकांसमोर स्वतःला आधुनिक रॉबिन हूड म्हणवतो, फक्त उलटा: गरिबांचं लुटून श्रीमंतांना देणारा. आणि सगळे खुशीत टाळ्या वाजवतात.

२०१९ मध्ये, ८६ व्या वर्षी, तो ग्रीसच्या गोष्टीकडे परतला. २०१५ चं कर्जाचं संकट, ग्रीसचे तेव्हाचे अर्थमंत्री यानिस वारूफाकिस यांच्या पुस्तकावर 'अडल्ट्स इन द रूम'. जवळजवळ अख्खा सिनेमा बैठकांचा. गोल टेबल, पाण्याच्या बाटल्या, फाइली, आणि एका देशाच्या पेन्शनी कापायचा निर्णय कॉफी पीत पीत. शेवटी ग्रीक पंतप्रधानाभोवती युरोपचे पुढारी अक्षरशः नाचतात आणि नाचता नाचता त्याला घेरतात. इथे रणगाडे नाहीत, वर्दी नाही. १९६७ मध्ये सत्ता वर्दीत आली होती, २०१५ मध्ये सुटाबुटात, प्रेझेंटेशन घेऊन आली. हे ओळखायला म्हातारा डोळा लागतो. २०२४ मध्ये त्याने आणखी एक सिनेमा केला, मरणाच्या दारातल्या माणसांना शेवटचे दिवस सुखाने कसे काढू द्यावेत यावर.

आणि त्या न्यायाधीशाचं पुढे काय झालं?

१९७४ मध्ये लष्करी राजवट कोसळली. सार्त्झेताकिसला पुन्हा न्यायखात्यात घेतलं. आणि १९८५ मध्ये तो ग्रीसचा राष्ट्राध्यक्ष झाला. पाच वर्षं होता. २०२२ मध्ये वारला. ज्याला तुरुंगात टाकलं, त्याचा फोटो सरकारी कार्यालयांच्या भिंतींवर लागला. सिनेमात असा शेवट दाखवला असता तर आपणच म्हणालो असतो, काहीही दाखवतात!

ही गोष्ट आपल्यापर्यंतही आली, बरं का. २०१२ मध्ये दिबाकर बॅनर्जीचा 'शांघाय' आला होता, इम्रान हाश्मी आणि अभय देओलवाला. तो वासिलिकोसच्याच कादंबरीवर आहे. तीनचाकीच्या जागी टेम्पो, डॉक्टरच्या जागी एक प्राध्यापक, अण्वस्त्रांच्या जागी विकासाचा प्रकल्प. बाकी सांगायची गरज नाही, बघितला असेल तर कळलं असेल.

तर त्या पोराच्या प्रश्नाकडे येतो. दादा, तुम्ही नेमके कोणाच्या बाजूचे?

बाळा, "मी निष्पक्ष आहे" असं उत्तर मी देणार नाही. गाव्रास काही निष्पक्ष नव्हता. मधोमध उभं राहून दोन्हीकडे सारखी मान हलवणं म्हणजे निष्पक्षपणा, असं समजणारे खूप आहेत. लाम्ब्राकिसच्या डोक्यात दांडकं बसलं तेव्हा मधोमध कोणती जागा होती, सांग बरं. गाव्रासने दर वेळी बाजू घेतली. फक्त ती पक्ष बघून ठरवली नाही. दांडकं कोणाच्या हातात आहे आणि डोकं कोणाचं आहे, हे बघून ठरवली. हात बदलला की त्याचा कॅमेरा फिरला. एवढंच.

मी त्याच्या नखाची सर नसलेला तालुक्याचा पत्रकार आहे. माझ्याकडे ना इव्ह मोंतां, ना अल्जीरिया. पण ते तीन शब्द माझ्याकडेही आहेत. आडनाव, नाव, व्यवसाय. टेंडरवाल्याला पण विचारीन, पगार थकवणाऱ्याला पण विचारीन. उद्या मी कोणाला कठड्यावर उभं केलं, तर मलाही विचारा.

आणि हो, त्या संस्थेतल्या कामगारांचा पगार अजून झालेला नाही. सोमवारी पुन्हा जातोय.